जेआरडींनी कराचीहून आणलेलं टपाल मुंबईच्या पुढे कोणी नेलं? गोष्ट नेव्हिल व्हिन्सेंट यांची

१५ ऑक्टोबर १९३२ ही तारीख भारतातल्या विमानप्रेमींना पाठ असते. त्या दिवशी सकाळी जेआरडी टाटा कराचीहून एक छोटं विमान घेऊन निघाले, वाटेत अहमदाबादला उतरले आणि दुपारी मुंबईत जुहूला पोहोचले. टाटांच्या विमानसेवेचा, म्हणजेच पुढच्या एअर इंडियाचा जन्म त्या दिवशी झाला. ही गोष्ट शाळेच्या पुस्तकांपासून व्हॉट्सअ‍ॅपच्या फॉरवर्डपर्यंत सगळीकडे सापडते.

पण यात एक साधा प्रश्न राहून जातो. त्या विमानात जे टपाल होतं, ते सगळं काही मुंबईकरांचं नव्हतं. त्यातल्या थैल्या थेट मद्रासपर्यंत जायच्या होत्या. जेआरडी तर जुहूला उतरले. मग पुढचा प्रवास कोणी केला?

उत्तर आहे नेव्हिल व्हिन्सेंट. ब्रिटिश हवाई दलातून बाहेर पडलेले, शौर्यपदक मिळवलेले आणि मूळचे दक्षिण आफ्रिकेचे वैमानिक. त्या दिवशी जुहूवरून दुसरं विमान घेऊन ते बळ्ळारीमार्गे मद्रासला गेले. मुळात भारतात अशी टपालसेवा सुरू करावी ही कल्पनाच त्यांनी जेआरडींसमोर मांडली होती. तरीही आज त्यांचं नाव विचारलं तर बहुतेक जण गुगल करायला जातील. तिथेही एक गंमत आहे. त्यांच्या आडनावाचा उच्चार व्हिन्सेंट असला, तरी इंग्रजी स्पेलिंगमध्ये मधोमध एक जास्तीचा ‘टी’ आहे. त्यामुळे शोधणारा भलत्याच व्हिन्सेंटपाशी जाऊन पोहोचतो.

फौजेतला वैमानिक

व्हिन्सेंट यांचा जन्म १९०२ चा. पहिलं महायुद्ध १९१८ मध्ये संपलं तेव्हा ते सोळा वर्षांचे होते, म्हणजे त्या युद्धात लढण्याइतके मोठे नव्हते. पण युद्ध संपलं म्हणून लढाया संपल्या नव्हत्या. तुर्कांचं साम्राज्य मोडल्यावर मध्यपूर्वेतला मोठा प्रदेश ब्रिटनच्या ताब्यात आला होता. तिथे मोठं सैन्य ठेवणं परवडत नव्हतं. म्हणून ब्रिटनने तिथल्या बंडखोर टोळ्यांवर विमानांनी वचक ठेवण्याचं धोरण घेतलं. कमी माणसं, कमी खर्च आणि वरून बॉम्ब. ज्यांच्या गावांवर ते पडले, त्यांच्यासाठी हे धोरण किती भयंकर होतं, हे वेगळं सांगायला नको.

व्हिन्सेंट या काळात हवाई दलात होते. मध्यपूर्वेतल्या सेवेत त्यांना डिस्टिंग्विश्ड फ्लाइंग क्रॉस, म्हणजे डीएफसी हे पदक मिळालं. हे पदक १९१८ मध्ये सुरू झालं. शत्रूविरुद्ध प्रत्यक्ष उड्डाण करताना दाखवलेल्या शौर्यासाठी ते देतात. पहिल्या महायुद्धात लढलेले बंगालचे इंद्रलाल रॉय हे पदक मिळवणारे पहिले भारतीय. त्यांना ते मरणोत्तर मिळालं होतं.

आता त्या काळात फौजेतला वैमानिक असणं म्हणजे काय, हे नीट पाहिलं पाहिजे. विमानं लाकूड, तारा आणि कापड यांची. इंजिन एकच, आणि ते केव्हा बंद पडेल याचा नेम नाही. वाट दाखवायला रेडिओ नाही. खाली वाळवंट. अशा ठिकाणी उडणारा माणूस दोन गोष्टी शिकतो. एक म्हणजे जमिनीवरच्या खुणा वाचून वाट काढायची. दुसरी म्हणजे मिळेल त्या मोकळ्या जागेत विमान सुखरूप टेकवायचं. पुढे भारतात टपाल उडवताना हेच शिक्षण उपयोगी पडणार होतं.

युद्धातली विमानं, जत्रेतले फेरे

दर मोठ्या युद्धानंतर एक गोष्ट घडते. विमानं उरतात आणि वैमानिकही उरतात. पहिल्या महायुद्धात हजारोंनी विमानं बनली होती. शांतता आल्यावर ती मोडीच्या भावाने निघाली. हवाई दलातून सुटलेले तरुण असं एखादं विमान विकत घेत आणि गावोगावी जाऊन लोकांना पैसे घेऊन आकाशात फिरवून आणत. युरोप-अमेरिकेत हा तेव्हाचा मोठा करमणुकीचा धंदा होता. विमान म्हणजे जत्रेतला पाळणाच, फक्त जरा जास्त उंच जाणारा.

हवाई दल सोडल्यावर व्हिन्सेंट यांनीही हीच वाट धरली. १९२० च्या दशकाच्या शेवटी जे. एस. न्यूअल या साथीदाराबरोबर ते दोन डीएच-९ विमानं घेऊन भारतात आले. डीएच-९ हे मूळचं महायुद्धातलं दोन माणसांचं बॉम्बफेकी विमान. या जोडीने त्याच विमानांतून भारतात लोकांना आकाशाची सैर घडवली, वरून जमिनीचे फोटो काढले आणि सर्वेक्षणाची कामं केली.

यातून पैसे किती मिळाले हा भाग वेगळा. पण व्हिन्सेंट यांना एक मोठा फायदा झाला. त्यांनी हा देश वरून पाहिला. विमान कुठे उतरू शकतं, पाऊस कुठे अडवतो, दोन शहरांत किती तास लागतात, याचा अंदाज त्यांना कागदावरच्या नकाशावरून घ्यावा लागला नाही.

विमान कराचीपर्यंत, पुढे आगगाडी

त्याच सुमारास एक मोठी घटना घडली. ३० मार्च १९२९ रोजी ब्रिटनच्या इम्पीरियल एअरवेजने लंडन ते कराची टपालसेवा सुरू केली. तोपर्यंत विलायतेचं पत्र बोटीने यायचं आणि त्याला आठवडे लागायचे. आता ते आठवडाभरात कराचीच्या धावपट्टीवर येऊ लागलं.

भारतात हवाई टपालाचं कौतुक नवीन नव्हतं. १८ फेब्रुवारी १९११ रोजी हेन्री पेके या फ्रेंच वैमानिकाने अलाहाबादहून यमुनेपलीकडे नैनीपर्यंत सुमारे साडेसहा हजार पत्रं विमानातून नेली होती. पण ते प्रदर्शनातलं एकदाच केलेलं उड्डाण होतं. १९२९ मध्ये जे सुरू झालं ते दर आठवड्याचं, वेळापत्रकाचं काम होतं.

या घटनेचा एक धागा आपल्या नाशिकपर्यंत येतो. तोवर नाशिक रोडला सरकारी सिक्युरिटी प्रेस उभा राहिला होता आणि पूर्वी लंडनहून छापून येणारी भारताची टपाल तिकिटं १९२० च्या दशकाच्या मध्यापासून तिथे छापली जाऊ लागली होती. १९२९ च्या ऑक्टोबरमध्ये भारताची खास हवाई टपालाची पहिली तिकिटं निघाली, ती याच प्रेसमध्ये छापलेली. त्यांच्यावर पाचव्या जॉर्ज राजाच्या मुखवट्याबरोबर डी हॅविलँड हर्क्युलिस विमानाचं चित्र होतं. हेच तीन इंजिनांचं विमान इम्पीरियल एअरवेज कराचीच्या मार्गावर वापरत होती.

म्हणजे तिकिटं तयार होती, विमान येत होतं, लोक जास्तीचे पैसे मोजायला राजी होते. अडचण होती ती कराचीच्या पुढे. लंडनहून हजारो मैल उडत आलेलं पत्र मुंबईला किंवा मद्रासला जाण्यासाठी कराचीत उतरून आगगाडीत बसायचं. विमानाने वाचवलेले दिवस रेल्वेच्या रुळांवर खर्च व्हायचे.

व्हिन्सेंट यांनी नेमकं हेच हेरलं. कराचीहून अहमदाबाद, मुंबई आणि मद्रास असा जोडमार्ग भारतातल्याच एखाद्या कंपनीने चालवावा, अशी योजना त्यांनी आखली. जमलं तर पुढे कोलंबोपर्यंत जायचं. त्यांच्याकडे अनुभव होता, पण भांडवल नव्हतं. भांडवल असलेला आणि विमानाचं वेड असलेला माणूस मुंबईत एकच होता.

दोन लाखांचा प्रश्न

जेआरडी टाटा तेव्हा पंचविशीत होते. त्यांची आई फ्रेंच होती आणि लहानपण बरंचसं फ्रान्समध्ये गेलं होतं. फ्रेंच नागरिक म्हणून त्यांनी तिथल्या सैन्यात वर्षभर सक्तीची सेवाही केली होती. इंग्लिश खाडी पहिल्यांदा विमानाने ओलांडणारे लुई ब्लेरिओ हे समुद्रकिनाऱ्यावरच्या त्यांच्या घराचे शेजारी. तिथूनच विमानाचं वेड लागलं. १० फेब्रुवारी १९२९ रोजी त्यांना भारतात दिलेला वैमानिकाचा पहिला परवाना मिळाला. त्या परवान्यावरचा क्रमांकच एक होता.

१९२९ मध्ये व्हिन्सेंट योजना घेऊन जेआरडींकडे आले. जेआरडी लगेच तयार झाले. पण पैसे द्यायचा अधिकार त्यांचा नव्हता. टाटा समूहाचे प्रमुख होते सर दोराबजी टाटा. वय झालेलं, तब्येत बरी नाही, आणि समूहाचे आधीचेच उद्योग सांभाळताना ओढाताण चाललेली. विमानासारख्या जोखमीच्या धंद्यात ते पैसा घालायला तयार नव्हते.

इथे कामी आले जॉन पीटरसन. हे पूर्वीचे आयसीएस अधिकारी, टाटा स्टीलचे संचालक आणि जेआरडींना कामकाज शिकवणारे गुरू. त्यांनी दोराबजींची समजूत घातली. लागणारी रक्कम होती सुमारे दोन लाख रुपये. टाटांसारख्या समूहाच्या मानाने ती मोठी नव्हती. दोराबजींनी होकार दिला.

तीन वर्षं फायलीत

होकार मिळाला म्हणजे विमान उडालं असं झालं नाही. टपाल हे सरकारचं खातं, त्यामुळे करार सरकारशीच व्हायला हवा होता. टाटांनी सुरुवातीला अनुदान मागितलं. त्या काळी जगभरातल्या विमानसेवा सरकारी अनुदानावरच चालत. इम्पीरियल एअरवेजलाही ब्रिटिश सरकारचा आधार होता. पण १९२९ च्या अखेरीस जागतिक मंदी आली आणि भारत सरकारने हात आखडता घेतला. प्रस्ताव मागे आला, बदलून पुन्हा गेला, पुन्हा अडकला.

शेवटी टाटांनी अनुदानाची मागणीच सोडून दिली. जितकं टपाल नेऊ त्याच्या वजनाप्रमाणे पैसे द्या, बाकी नफा-तोटा आमचा, असा प्रस्ताव गेला. यात सरकारचं काहीच जाणार नव्हतं. २४ एप्रिल १९३२ रोजी करार झाला. त्यानंतर दीड महिन्यातच, ३ जून १९३२ ला जर्मनीत दोराबजींचं निधन झालं. ज्या उड्डाणाला त्यांनी परवानगी दिली होती ते पाहायला ते राहिले नाहीत.

या तीन वर्षांत व्हिन्सेंट दुसरीकडे जाऊ शकले असते. हातात कौशल्य होतं, नावावर पदक होतं. पण ते टाटांबरोबर टिकून राहिले. सेवा सुरू झाली तेव्हा ती चालवण्याची मोठी जबाबदारी त्यांच्यावरच आली.

१५ ऑक्टोबर: एका दिवसाचा हिशेब

सेवा खरं तर सप्टेंबरमध्येच सुरू व्हायची होती. पण त्या वर्षी पाऊस लांबला. जुहूचं मैदान ओलं होतं, म्हणून मुहूर्त महिनाभर पुढे गेला.

१५ ऑक्टोबरला सकाळी ६ वाजून ३५ मिनिटांनी जेआरडींनी कराचीच्या ड्रिग रोड विमानतळावरून उड्डाण केलं. विमान होतं पस मॉथ. एक इंजिन, बंद केबिन, वैमानिकाशिवाय फार तर दोन माणसांची जागा आणि ताशी साधारण १०० मैल वेग. सोबत टपाल होतं सुमारे २५ किलो. आज विमानाने जाणाऱ्या दोन प्रवाशांच्या चेक-इन बॅगांतही यापेक्षा जास्त वजन भरतं.

अहमदाबादला इंधन भरायचं होतं. तिथे बर्मा शेल कंपनीचं पेट्रोल डब्यांत भरून बैलगाडीतून आलं. ते भरून झाल्यावर जेआरडी पुन्हा उडाले आणि दुपारी १ वाजून ५० मिनिटांनी जुहूला उतरले.

आता व्हिन्सेंट यांची पाळी. मुंबईचं टपाल उतरलं, पुढच्या थैल्या दुसऱ्या पस मॉथमध्ये गेल्या आणि व्हिन्सेंट निघाले. मुंबई ते बळ्ळारी हे अंतर सरळ रेषेत सुमारे ६०० किलोमीटर. पस मॉथच्या वेगाने जवळपास चार तास. ऑक्टोबरात सहानंतर अंधार पडतो. रात्री उतरण्यासाठी दिवे नाहीत, वाट विचारायला रेडिओ नाही. म्हणजे दुपारी दोननंतर निघालेल्या माणसाला घाट ओलांडून, दख्खनचं पठार कापून, सूर्य बुडण्याच्या आत बळ्ळारी गाठायची होती. वाटेत वाट चुकायची सोय नव्हती.

ते पोहोचले. बळ्ळारीला रात्र काढून दुसऱ्या दिवशी, १६ ऑक्टोबरला टपाल मद्रासला उतरलं. मार्गात बळ्ळारी का, याचं उत्तरही याच हिशेबात आहे. मुंबई आणि मद्रासच्या मध्ये, दिवसाउजेडी गाठता येईल असा तो मुक्काम होता.

पहिल्या उड्डाणाची गोष्ट सांगताना आपण मुंबईत थांबतो. पण टपाल खात्याच्या दृष्टीने ते काम मद्रासला थैली उतरल्यावर पूर्ण झालं.

पैसे मिळायचे कसे?

आज विमान कंपनी म्हटलं की प्रवासी आठवतात. तेव्हा प्रवासी हा वरकड भाग होता. खरी कमाई टपालाची. पत्र पाठवणारा नेहमीच्या दरापेक्षा जास्त तिकिटं लावायचा आणि सरकार कंपनीला नेलेल्या वजनाप्रमाणे पैसे द्यायचं. थैल्या भरल्यावर जागा आणि वजन उरलं, तर एखाद्या हौशी प्रवाशाला घ्यायचं.

पूर्ण पहिल्या वर्षाचे आकडे बघितले तर हे लगेच कळतं. टाटांच्या विमानांनी १,६०,००० मैल उड्डाण केलं, १०.७१ टन टपाल नेलं आणि प्रवासी होते फक्त १५५. नफा सुमारे ६० हजार रुपये. सरकारी अनुदानाशिवाय एवढ्याशा विमानांवर पहिल्याच वर्षी नफा, ही त्या काळात साधी गोष्ट नव्हती.

पण त्याहून महत्त्वाचा होता वक्तशीरपणा. कराचीला विलायतेचं विमान आलं की त्याच्याशी जोड साधायचीच होती. एक फेरी चुकली तर टपाल आठवडाभर मागे पडलं असतं आणि सरकारचा विश्वास उडाला असता. टाटांची सेवा इतकी वेळेवर चालली की नागरी उड्डाण खात्याच्या १९३३-३४ च्या अहवालाने हवाई टपाल कसं चालवावं याचा नमुना म्हणून तिचं कौतुक केलं.

हे चालवणारी माणसं किती? जेआरडी, व्हिन्सेंट, होमी भरुचा हे वैमानिक आणि मोजके मेकॅनिक. जेआरडींच्या मागे टाटांची इतर कामंही होती. त्यामुळे विमानं, वैमानिक, मार्ग आणि वेळापत्रक यांची रोजची घडी बसवणं हे व्हिन्सेंट यांचं काम.

जुहू पाण्याखाली, मुक्काम पुण्याला

या सेवेचं मुख्य ठाणं म्हणजे जुहूचं मैदान. आजूबाजूला ताडामाडाची झाडं, एक झोपडीवजा शेड आणि शेजारी समुद्र. उन्हाळा-हिवाळ्यात ते ठीक चालायचं. पण पावसाळ्यात भरतीचं पाणी आणि पाऊस मिळून मैदानाचं तळं व्हायचं. मग विमानं, वैमानिक, मेकॅनिक, सामान असा सगळा बाडबिस्तरा पुण्याला हलायचा. येरवड्याच्या मैदानावरून तेव्हा मुंबईचं हवाई टपाल उडायचं.

आता घाट, ढग आणि सह्याद्रीचा पाऊस यांचा विचार करा. हवामानाचा अंदाज सांगणारी आजच्यासारखी यंत्रणा नाही, ढगात शिरल्यावर दिशा दाखवणारी साधनं नाहीत. तरीही कराचीची जोड चुकवायची नाही. लढाईत शौर्य दाखवलं तर पदक मिळतं. दर आठवड्याला, चार महिने, ढगांच्या खालून वाट काढत वेळेवर पोहोचण्याला पदक नसतं.

मार्ग वाढत गेले

१९३५ मध्ये मुंबईहून गोवा आणि कण्णूरमार्गे त्रिवेंद्रमची सेवा सुरू झाली. १९३७ मध्ये मुंबई-दिल्ली मार्ग आला, तोही इंदूर, भोपाळ आणि ग्वाल्हेर करत. त्या वर्षापर्यंत नफा सहा लाखांच्या घरात गेला होता.

मग १९३८ मध्ये एक मोठा बदल झाला. ब्रिटिश साम्राज्यात एम्पायर एअर मेल योजना लागू झाली. यापुढे साम्राज्यातल्या देशांमधली पत्रं जास्तीचा हवाई आकार न घेता विमानानेच जाणार होती. टपालाचं वजन एकदम वाढलं. छोट्या पस मॉथवर भागणार नव्हतं. टाटांनी मोठी विमानं घेतली, आणि सेवा कोलंबोपर्यंत गेली. व्हिन्सेंट यांनी नऊ वर्षांपूर्वी मांडलेला मार्ग अखेर पूर्ण झाला. याच वर्षी कंपनीला टाटा एअरलाइन्स हे नाव मिळालं.

विमानं इथेच बनवायची होती

१९३९ मध्ये दुसरं महायुद्ध सुरू झालं. टाटांची विमानं आणि माणसं सरकारी कामाला जुंपली गेली. याच काळात जेआरडी आणि व्हिन्सेंट यांच्या डोक्यात पुढची योजना होती. भारतात विमानं उडवून झाली, आता ती इथे बनवायची. त्यासाठी त्यांनी पुण्यात कारखाना काढायचं ठरवलं.

तेव्हा असा विचार करणारे ते एकटे नव्हते. सोलापूरचे वालचंद हिराचंद यांनी म्हैसूर संस्थानाच्या मदतीने डिसेंबर १९४० मध्ये बंगळूरला हिंदुस्तान एअरक्राफ्ट ही कंपनी काढली. पुढे ती सरकारने ताब्यात घेतली. आजची एचएएल ती हीच.

टाटांच्या कारखान्याला मात्र ब्रिटिश सरकारची मंजुरी आणि मागणी हवी होती. त्यासाठी व्हिन्सेंट ब्रिटनला गेले. युद्धाच्या ऐन धुमाळीत हा प्रवासच धोक्याचा होता. काम आटोपून ते भारताकडे परत निघाले, ते ब्रिटिश हवाई दलाच्या हडसन विमानातून. २९ जानेवारी १९४२ रोजी ते विमान फ्रान्सच्या किनाऱ्याजवळ पाडलं गेलं. व्हिन्सेंट परतले नाहीत. त्यांचं वय तेव्हा चाळिशीच्या आतच होतं.

पुण्याच्या कारखान्यात पुढे सैन्य वाहून नेणारी ग्लायडर बनवण्याचं ठरलं, पण तेही सरकारने रद्द केलं. योजना तिथेच संपली.

मग हे नाव मागे का पडलं?

जेआरडींनी व्हिन्सेंट यांचं श्रेय लपवलं म्हणून हे घडलं असं नाही. कारण बरंच साधं आहे. १९४२ मध्ये व्हिन्सेंट गेले तेव्हा कंपनीचं नाव एअर इंडिया झालंही नव्हतं. ते नाव आलं १९४६ मध्ये. लंडनला जाणारं पहिलं आंतरराष्ट्रीय विमान उडालं ८ जून १९४८ ला. महाराजाचं चित्र, राष्ट्रीयीकरण, जेटविमानं, हे सगळं नंतरचं. लोकांनी एअर इंडिया ज्या रूपात पाहिली, त्या रूपात व्हिन्सेंट कुठेच नव्हते.

जेआरडी मात्र १९९३ पर्यंत होते. १९७८ पर्यंत ते एअर इंडियाचे अध्यक्ष राहिले. १९८२ मध्ये, पहिल्या उड्डाणाला पन्नास वर्षं झाली तेव्हा वयाच्या ७८ व्या वर्षी त्यांनी पुन्हा कराचीहून मुंबईपर्यंत छोटं विमान उडवून दाखवलं. साहजिकच सगळ्यांच्या लक्षात राहिला तो कराची-मुंबईचा टप्पा. मुंबई-मद्रासचा टप्पा पुन्हा उडवून दाखवायला तो उडवणारा माणूसच उरला नव्हता.

दुसरं कारणही आहे. व्हिन्सेंट ब्रिटिश फौजेतून आलेले गोरे वैमानिक होते. स्वातंत्र्यानंतर भारतीय विमानसेवेची गोष्ट सांगताना भारतीय नायक पुढे येणं स्वाभाविक होतं, आणि जेआरडी त्या जागेला लायकच होते. पण दोघांपैकी एकालाच जागा आहे असं मानायचं काही कारण नाही. एकाकडे अनुभव आणि आराखडा होता, दुसऱ्याकडे पैसा उभा करण्याची ताकद आणि तितकंच वेड. यातलं एक जरी नसतं, तरी १९३२ मध्ये ते टपाल आगगाडीनेच मद्रासला गेलं असतं.

त्यांच्यानंतर उरलेलं

दुसरं महायुद्ध संपल्यावर पुन्हा तेच घडलं जे पहिल्यानंतर घडलं होतं. अमेरिकी सैन्याची डाकोटा विमानं स्वस्तात मिळू लागली, सैन्यातून सुटलेले वैमानिक कामं शोधू लागले आणि भारतात एकामागून एक विमान कंपन्या निघाल्या. १९५३ मध्ये सरकारने त्यांचं राष्ट्रीयीकरण केलं. २७ जानेवारी २०२२ रोजी एअर इंडिया पुन्हा टाटांकडे आली.

टपाल विमानाने जोडण्याची कल्पनाही पुढे गेली. १९४९ मध्ये रात्रीची हवाई टपालसेवा सुरू झाली. दिल्ली, मुंबई, कलकत्ता आणि मद्रास इथून रात्री निघालेली चार विमानं मध्यरात्रीच्या सुमारास नागपूरला एकत्र यायची, थैल्यांची अदलाबदल करायची आणि पहाटेपर्यंत आपापल्या शहरी परतायची. व्हिन्सेंट यांना अंधाराच्या आत बळ्ळारी गाठावी लागली होती. सतरा वर्षांनी टपाल रात्रीच उडू लागलं.

आणि विमान कारखान्याचं काय? पुण्यात तो झाला नाही. पण १९६४ मध्ये एचएएलने नाशिकजवळ ओझरला मिग-२१ विमानांसाठी कारखाना उभारला. पुढे तिथे सुखोई-३० बनली. १७ ऑक्टोबर २०२५ रोजी ओझरला तयार झालेलं पहिलं तेजस मार्क-१ए विमान आकाशात झेपावलं.

नाशिक रोडच्या प्रेसमध्ये १९२९ ची ती हवाई तिकिटं छापली गेली तेव्हा चित्रातलं विमान विलायती होतं, आणि ते कराचीच्या पुढे येतही नव्हतं. पुढचा रस्ता ज्या दोन माणसांनी उघडला, त्यांपैकी एकाचं नाव सगळ्यांना माहीत आहे. दुसऱ्याचं नाव नेव्हिल व्हिन्सेंट.